कोपरातली नस आणि दसऱ्यानंतरचा ट्रक: कुष्ठरोगातल्या एका रिॲक्शनचं प्रकरण

पार्श्वभूमी

बीड जिल्हा, बालाघाटाच्या डोंगरपट्ट्यातलं एक गाव. जमीन हलकी, पाऊस बेभरवशाचा. दसरा झाला की गावातल्या निम्म्या घरांना कुलूप लागतं आणि माणसं ऊसतोडीला जातात. गाव आणि बाईची ओळख पटेल असं काही इथे लिहिलेलं नाही. आजाराचा प्रवास मात्र जसा झाला तसाच मांडला आहे.

बाई 34 वर्षांची. नवरा आणि ती मिळून ‘एक कोयता’. ज्यांना हा शब्द ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते: ऊसतोडीत कोयता म्हणजे जोडी. उचल (आगाऊ घेतलेले पैसे), मजुरी, हिशेब सगळं जोडीच्या नावावर असतं. एकाचा हात थांबला की दुसऱ्याचीही मजुरी अर्ध्यावर येते. या प्रकरणातला प्रत्येक निर्णय या हिशेबाला धरूनच घ्यावा लागला.

ऑगस्टमध्ये घरोघरच्या शोधमोहिमेत आशाताईंना तिच्या अंगावर चट्टे दिसले. पाठीवर, उजव्या दंडावर, हाताच्या मागच्या बाजूला आणि गालावर, मिळून 7. फिकट तांबूस, न खाजणारे, न दुखणारे. दोन वर्षांपासून होते. नायटा समजून तिने मलमं लावली होती. चट्ट्यावर कापसाचा बोळा फिरवला तर तिला कळत नव्हतं. उजव्या कोपराच्या आतल्या बाजूला, हाडाच्या खोबणीतून जाणारी नस बोटाखाली सुतळीसारखी जाड लागत होती. चट्टे पाचपेक्षा जास्त, म्हणून कुष्ठरोगावरचा 12 महिन्यांचा एमडीटी (अनेक औषधं एकत्र देण्याचा) उपचार सुरू झाला. महिन्याच्या पहिल्या दिवशी समोर बसवून रिफॅम्पिसिन 600, क्लोफाझिमीन 300 आणि डॅप्सोन 100 मिलिग्रॅम. उरलेले दिवस घरी क्लोफाझिमीन 50 आणि डॅप्सोन 100.

पहिल्या डोसानंतर लघवी लाल होईल हे तिला सांगितलेलं होतं, त्यामुळे ती घाबरली नाही. पुढे जे होऊ शकतं त्याबद्दल मात्र कोणीच बोललं नव्हतं. कार्डावर नसेची नोंद एका ओळीत होती: ‘उजवी अल्नर नस जाड’. बोटांत ताकद किती, तळहाताला स्पर्श कुठे कळतो, काहीच लिहिलेलं नव्हतं. ते कार्ड आमच्याच दवाखान्यातलं होतं.

अडचण

दसऱ्याला तीन दिवस उरले असताना आशाताई तिला घेऊन माझ्याकडे आल्या. एमडीटी सुरू होऊन सात आठवडे झाले होते. पंधरा दिवसांपूर्वी जुने चट्टे अचानक लाल झाले आणि तव्यावर फुगणाऱ्या भाकरीसारखे वर आले. गाल सुजला. रात्री कोपरापासून करंगळीपर्यंत कळ निघायची. “मुंग्या न्हाईत मॅडम, करंट बसल्यावानी होतंय,” ती म्हणाली.

घरात सगळ्यांचं एकमत झालं होतं की औषध उष्ण पडलं. तालुक्याच्या एका खासगी डॉक्टरांनीही ॲलर्जी म्हणून गोळी लिहून दिली आणि एमडीटी बंद करायला सांगितली. तिने नऊ दिवस पाकीट उघडलं नव्हतं. सूज कमी झाली नव्हती.

मी तिला करंगळी बाजूला न्यायला सांगितली. नेली, पण अर्धीच. दोन बोटांच्या चिमटीत कागद धरायला दिला आणि हळूच ओढला, तो सहज निसटला. डोळे मिटायला लावून पेनाच्या टोकाने हाताच्या करंगळीकडच्या भागातल्या चार जागा तपासल्या. तीन जागी तिला काही कळलं नाही. तळहाताच्या त्याच कडेला पाण्याचा एक फोड होता. भाकरी उलटताना तव्याला हात लागला असणार, पण कधी ते तिला सांगता येईना.

सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न होता तो ताकद कधी गेली हा. सहा महिन्यांपेक्षा जुनी इजा उपचाराने भरून येण्याची आशा फार कमी. ताजी असेल तर बरीच. कार्डावर काही नसल्याने मला तिच्या आठवणीवरच विसंबावं लागलं. थोडा वेळ विचार करून ती म्हणाली, “शेळीचं दूध काढताना करंगळी बाजूलाच राहाया लागली. सर्वपित्रीच्या आसपास.” म्हणजे आठ-दहा दिवस.

आणि ट्रक दसऱ्यानंतर दोन दिवसांनी निघणार होता. उचल घेतलेली होती.

नसेच्या आत काय चाललं होतं

हे नीट कळल्याशिवाय पुढचे निर्णय समजणार नाहीत, म्हणून इथे थोडं सविस्तर लिहिते.

कुष्ठरोगाचा जंतू नॉर्वेच्या गेरहार्ड आर्माउर हान्सेन यांनी 1873 मध्ये दाखवला. तो फार सावकाश वाढतो, एकाचे दोन व्हायला सुमारे दोन आठवडे लागतात. त्याला शरीराचे थंड भाग मानवतात: कानाची पाळी, गाल, आणि जिथे नस अगदी कातडीखालून जाते ती जागा, म्हणजे कोपर. तिथे तो नसेच्या तंतूंना वेढून असलेल्या श्वान पेशींत राहतो. (श्वान हे थिओडोर श्वान या जर्मन शास्त्रज्ञाचं आडनाव. रुग्णांना मी ‘नसेवरची साल’ म्हणते.) नसेभोवती घट्ट आवरण असतं आणि रक्तातल्या पेशींना आत सहज वाव नसतो. त्यामुळे जंतू वर्षानुवर्षं तिथे बसून असतो आणि शरीराला पत्ता नसतो.

औषधाने जंतू मरू लागले की त्यांचे तुकडे बाहेर पडतात. ऊतींमध्ये गस्त घालणाऱ्या डेंड्रायटिक पेशी ते उचलतात आणि लसिकावाहिनीतून जवळच्या गाठीकडे निघतात. पायात काटा मोडला की जांघेत अवधाण येतं, ती हीच गाठ. गाठीकडून येणाऱ्या रासायनिक खुणा ओळखण्यासाठी या पेशीच्या अंगावर एक ग्राही असतो, त्याचं नाव सीसीआर-7. जिथे त्या खुणेचा वास जास्त, तिकडे पेशी सरकते.

गाठीत टी पेशी, म्हणजे शत्रूचे तुकडे ओळखणाऱ्या पांढऱ्या पेशी, फिरत असतात. 2002 मध्ये दोन-फोटॉन सूक्ष्मदर्शकातून उंदराच्या गाठीतल्या या पेशी जिवंत हालताना दिसल्या, तेव्हा त्यांचा वेग मिनिटाला साधारण 10 ते 12 मायक्रोमीटर भरला. सरळ चालली तर ज्वारीच्या एका दाण्याची रुंदी ओलांडायला तिला सहा तास लागतील. आणि ती सरळ चालतही नाही. इकडे वळते, तिकडे वळते, वाटेत भेटणाऱ्या प्रत्येक डेंड्रायटिक पेशीला अंगाने चाचपते आणि पुढे जाते. ज्या टी पेशीला तो तुकडा ओळखता येतो ती मात्र थांबते. तासन् तास चिकटून राहते, मग विभागू लागते. तिची पिल्लावळ काही दिवसांनी गाठीतून बाहेर पडून रक्तात उतरते.

रक्तातून नेमक्या चट्ट्याकडे कसं वळायचं? त्या जागेच्या रक्तवाहिनीची आतली भिंत सुजेमुळे बदललेली असते. भिंतीवरचे सिलेक्टिन नावाचे रेणू वाहत्या पेशीला पकडतात, तिचा वेग कमी करतात, ती भिंतीवरून घरंगळत जाते. केमोकाइन नावाचे संदेश मिळाले की पेशीच्या अंगावरचे इंटिग्रिन नावाचे चिकटणारे रेणू घट्ट होतात, ती थांबते, चपटी होते आणि भिंतीतल्या फटीतून पलीकडे शिरते.

आत गेल्यावर ती इंटरफेरॉन-गॅमा नावाचा संदेश सोडते. जंतू पोटात घेऊन निवांत बसलेल्या मॅक्रोफेज पेशींना तो संदेश मिळतो आणि त्या खवळतात. त्या टीएनएफ नावाचा सूज वाढवणारा रेणू सोडतात, आणखी केमोकाइन सोडतात, आणखी पेशी बोलावतात. रक्तवाहिन्या झिरपू लागतात. यालाच टाइप 1 रिॲक्शन म्हणतात. एमडीटीच्या पहिल्या सहा महिन्यांत ती जास्त दिसते, बाळंतपणानंतरही दिसते. औषध लागू पडत नाही असा तिचा अर्थ नाही, आणि ती ॲलर्जीही नव्हे. शरीराला शत्रू दिसला आहे, इतकंच.

कातडीत हा सगळा जमाव मावतो. चट्टा फुगतो, लाल होतो, पुढे खपली धरून उतरतो. कोपरातल्या नसेचं तसं नाही. बाहेरून घट्ट आवरण, एका बाजूला हाड, वरून ताठ पट्टा. पेशी येत राहतात, पाणी साठतं आणि जागा तेवढीच. आतला रक्तपुरवठा दबतो. श्वान पेशी स्वतः जंतूचे तुकडे आपल्या अंगावर दाखवू शकतात, त्यामुळे टी पेशींचा मारा त्यांच्यावरही येऊ शकतो. तंतूवरची साल निघते, मग तंतू तुटतो. शेळीच्या आचळावरून करंगळी बाजूला पडली ती यामुळे.

कोणते पर्याय होते

एमडीटी बंद ठेवून वाट पाहणं. घरच्यांना हेच पटत होतं. पण मेलेले जंतू अंगात होतेच, औषध थांबवून पेशींचा जमाव पांगत नाही. उलट जिवंत जंतूंना मोकळीक मिळते. हा पर्याय मी लगेच बाजूला ठेवला.

दुखण्याची गोळी आणि विश्रांती. फक्त चट्टे लाल झाले असते तर कदाचित चाललं असतं. ताकद गेलेली असताना नाही.

जिल्ह्याच्या ठिकाणी भरती करणं. वैद्यकीयदृष्ट्या हा चांगला पर्याय होता, रोज नस तपासता आली असती. पण घरात दोन लहान मुलं, सासू गुडघ्याने अधू. भरती म्हटलं असतं तर ती ‘उद्या येते’ म्हणाली असती आणि ट्रकमध्ये बसली असती. असं मी पूर्वी दोनदा पाहिलं आहे.

पूर्ण डोसात प्रेडनिसोलोन (सूज उतरवणारं स्टेरॉईड), घरीच, दर आठवड्याला तपासणी. त्यासाठी तिला गावात थांबवणं भाग होतं.

आणि पाचवा, ज्याचा विचार आपण डॉक्टर लोक टाळतो: प्रेडनिसोलोन देऊन तिला टोळीबरोबर जाऊ देणं. कोयता चालवताना कोपर दिवसातून हजारदा वाकतं, आणि वाकलेल्या कोपरात तीच नस ताणली जाते. पहिल्या आठवड्यांत हे मला कोणत्याही हिशेबात बसेना.

काय केलं

एक अडचण लगेच आली. स्टेरॉईड सुरू करण्याआधी क्षयरोग नाही ना हे पाहायला हवं, कारण ज्या पेशींनी क्षयाचा जंतू कोंडून धरलेला असतो त्यांनाच हे औषध शांत करतं. त्या दिवशी एक्स-रे बंद होता, दुसऱ्या दिवशी मिळणार होता. थांबायचं की सुरू करायचं? खोकला नाही, ताप नाही, वजन 41 किलो पण वर्षभर तेवढंच. साखर आणि रक्तदाब ठीक, गरोदर नाही, पांढऱ्या पेशी 7,600. मी त्याच दिवशी 40 मिलिग्रॅम प्रेडनिसोलोन दिलं, जंताची गोळी दिली, दुसऱ्या दिवशी एक्स-रे काढला. तो स्वच्छ निघाला. संशयाचं एकही लक्षण असतं तर मी एक दिवस थांबले असते.

एमडीटी त्याच दिवशी पुन्हा सुरू केली. प्रेडनिसोलोन जंतूला मारत नाही. ते पेशींच्या आत शिरून संदेश बनवणारी जनुकं दाबून टाकतं आणि रक्तवाहिनीच्या भिंतीचा चिकटपणा कमी करतं, त्यामुळे नव्या पेशींचा ओघ आटतो. जंतूसाठी एमडीटी लागतेच. दोन्ही औषधं एकमेकांची जागा घेत नाहीत, हे तिच्या नवऱ्याला समजावायला बराच वेळ लागला.

शेवटी बाभळीचा काटा कामी आला. मी त्याला विचारलं, काटा आत मोडून राहिला तर काय होतं? “भोवती पू धरतो, ठणकतं.” काटा ठणकतो का? “न्हाई, मांस ठणकतं.” मग मी त्याला मेचनिकॉफची गोष्ट सांगितली. 1882 मध्ये सिसिलीतल्या मेसिना गावी या रशियन माणसाने तारामाशाच्या पारदर्शक अळीत गुलाबाचा काटा टोचून ठेवला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्याभोवती जमलेल्या पेशी पाहिल्या. पेशी चालत जातात आणि गोळा होतात हे तिथून कळलं. पुढे 1908 मध्ये त्याला त्यासाठी नोबेल मिळालं. नवरा बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, “म्हंजी औषधानं काटा मेला, आन आता गर्दी झालीय.” याहून नेमकं मला मराठीत सांगता आलं नसतं.

कोपर रात्री वाकू नये म्हणून वर्तमानपत्राची जाड गुंडाळी कोपराच्या पुढून ठेवून जुन्या साडीच्या पट्टीने सैलसर बांधायला शिकवलं. तव्यासाठी फडक्याची जाड मूठ.

मुकादमाशी बोलणं नवऱ्याने केलं. नवऱ्याचा 19 वर्षांचा भाऊ तिच्या जागी गेला. मी फक्त एक चिठ्ठी लिहून दिली की सहा आठवडे हिला काम बंद आहे. आजाराचं नाव त्यात लिहिलं नाही. सासूने तिची ताटवाटी वेगळी काढली होती, त्यावरही बोलावं लागलं. औषध सुरू झाल्यावर थोड्याच दिवसांत संसर्ग पसरण्याची भीती उरत नाही हे आशाताईंनी त्यांना घरी जाऊन सांगितलं. घरातल्या सगळ्यांची तपासणी झाली आणि ज्यांना देता येत होता त्यांना रिफॅम्पिसिनचा एक डोस दिला. नणंदेने सोडचिठ्ठीचा विषय काढला होता असं मला नंतर कळलं. कुष्ठरोग हे घटस्फोटाचं कारण 2019 च्या कायद्याने काढून टाकलं आहे. ते मी नवऱ्याला फोनवर मुद्दाम सांगितलं. तो म्हणाला, “त्याची गरज न्हाई मॅडम.” मला बरं वाटलं.

‘पेशी वाढल्या’

पहिल्या आठवड्यात रात्रीची कळ थांबली. चट्टे बसू लागले. करंगळीची ताकद जिथे होती तिथेच, 5 पैकी 2 (5 म्हणजे पूर्ण ताकद). नस भरून यायला वेळ लागतो, त्यामुळे मी निश्चिंत होते.

सतराव्या दिवशी तिला गळून गेल्यासारखं वाटलं. सासूने तिला तालुक्याला नेलं. रक्त तपासलं: पांढऱ्या पेशी 13,800, त्यांत न्यूट्रोफिल प्रकारच्या 82 टक्के. तिथे सांगण्यात आलं की पेशी वाढल्या, आत इन्फेक्शन आहे, स्टेरॉईड ताबडतोब बंद करा. अँटिबायोटिकची सलाईन लागली. तिने प्रेडनिसोलोन बंद केलं. तिसऱ्या दिवशी कोपर पुन्हा ठणकू लागलं, चौथ्या दिवशी ती माझ्यासमोर होती.

इथला निर्णय सोपा नव्हता. स्टेरॉईड चालू असताना खरं इन्फेक्शन झालं तर ताप येईलच असं नाही, दुखेलच असं नाही, ते लपून राहू शकतं. म्हणून ‘स्टेरॉईडने पेशी वाढतातच’ असं म्हणून रिपोर्ट बाजूला सारणंही चुकीचं ठरलं असतं. मी तिला पायापासून डोक्यापर्यंत पुन्हा तपासलं. तव्याचा फोड सुकला होता. छाती स्वच्छ, लघवी स्वच्छ, दात-हिरड्या ठीक. रक्ताची काच स्वतः पाहिली: इन्फेक्शनमध्ये अस्थिमज्जेतून घाईने बाहेर पडणाऱ्या कोवळ्या न्यूट्रोफिल पेशी नव्हत्या, लिम्फोसाइट कमी झाल्या होत्या, इओसिनोफिल जवळजवळ दिसतच नव्हत्या. हे चित्र औषधाचं होतं.

आपल्याकडे ‘पेशी वाढल्या’, ‘पेशी कमी झाल्या’ हे शब्द आता भाजीबाजारातही ऐकू येतात. पण मशीन मोजतं ते सुईतून आलेल्या, वाहत्या रक्तातल्या पेशी. रक्तवाहिन्यांतल्या न्यूट्रोफिलपैकी साधारण निम्म्या एरवी भिंतीला टेकून सावकाश सरकत असतात. पारावर बसलेली माणसं सोडून फक्त रस्त्यावरून चालणारी मोजावीत, तसा हा हिशेब. प्रेडनिसोलोनने भिंतीची पकड सुटली की टेकलेल्या पेशी प्रवाहात येतात, अस्थिमज्जेतूनही तयार पेशी बाहेर पडतात, आणि रक्तातून ऊतींत जाणाऱ्या कमी होतात. आकडा जवळपास दुप्पट दिसतो. लिम्फोसाइट उलट रक्त सोडून दुसरीकडे जातात, म्हणून त्या घटलेल्या दिसतात. तिच्या रिपोर्टातले आकडे खरेच होते. त्या पेशी कुठून कुठे गेल्या हे मात्र त्या कागदावर कुठेच नव्हतं.

त्याच दिवशी 40 मिलिग्रॅम पुन्हा सुरू केलं. दोन आठवड्यांहून जास्त दिवस घेतलेलं स्टेरॉईड एकदम सोडलं की शरीराची स्वतःची स्टेरॉईड बनवण्याची यंत्रणा मंदावलेली असते आणि माणूस कोसळू शकतो. चार दिवसांत तसं काही झालं नाही, हे नशीब. गळून जाण्याचं कारण वेगळंच निघालं: हिमोग्लोबिन 8.9. डॅप्सोनने ते थोडं उतरतंच, आणि तिचं आधीपासून कमी असणार. लोहाच्या गोळ्या दिल्या आणि हिमोग्लोबिनवर लक्ष ठेवलं.

पुढचे आठवडे

डोस दर दोन-तीन आठवड्यांनी उतरवत एकूण 20 आठवडे चालवला. पाचव्या आठवड्यात करंगळी 3 वर आली. सहाव्या आठवड्यानंतर ती सांगली जिल्ह्यातल्या फडावर गेली. मी नाही म्हटलं नाही. मुलांचे बाप आणि काका तिकडे, दोन माणसांच्या भाकरी कोण करणार, या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं. अट एकच घातली: उजव्या हाताने कोयता नाही, मोळी उचलणं नाही. एमडीटीची तीन पाकिटं बरोबर दिली. प्रेडनिसोलोनच्या पुड्या तारखा लिहून बांधल्या. दर पंधरा दिवसांनी व्हिडिओ कॉलवर नवरा तिच्या हाताच्या चार जागी पेनाचं टोक लावायचा, ती डोळे मिटून बोट दाखवायची. कोपीत उजेड कमी, मागे पाचटाचा ढीग, पण दिसायचं.

मोळ्या उचलल्या नाहीत का, असं परत आल्यावर विचारलं. ती हसली आणि म्हणाली, “थोड्या.”

निष्पत्ती

पाडव्यानंतर टोळी परतली. करंगळीची ताकद 5 पैकी 4. कागद आता निसटायला जोर लागतो. स्पर्शाच्या चार जागांपैकी आता तीन जागी तिला कळतं. करंगळीचं टोक आलं नाही. शेवटच्या तपासणीत मी तिथे पेन टेकवून वाट पाहिली. डोळे मिटलेलेच ठेवून ती म्हणाली, “लावलं का वं मॅडम?”

जुलैमध्ये पाठीवरचा एक चट्टा पुन्हा लाल झाला. नस शांत होती, ताकद तेवढीच, म्हणून स्टेरॉईड न देता आठवड्याआड पाहिलं. तो आपोआप उतरला. 12 पाकिटं सप्टेंबरमध्ये संपली. मध्ये बंद पडलेले दिवस धरूनही ती 18 महिन्यांच्या मुदतीच्या आत होती. क्लोफाझिमीनने काळवंडलेला रंग हळूहळू उतरतो आहे. दूध आता ती दोन्ही हातांनी काढते.

पुन्हा करायचं तर

ऑगस्टमध्ये पहिल्या दिवशी नसांची पूर्ण तपासणी करायला दहा मिनिटं लागली असती. ती केली नाही, ही आमची चूक. करंगळीच्या टोकाची बधिरता त्या रिॲक्शनमध्ये आली की दोन वर्षांपूर्वीपासून होती, हे मला आजही ठरवता येत नाही. जाड नस ज्यांना आहे त्यांना रिॲक्शनचा धोका जास्त असतो हे माहीत असून आम्ही तिला त्या सात आठवड्यांत नस तपासायला एकदाही बोलावलं नाही, आशाताई घेऊन आल्या म्हणून ती आली.

लाल लघवीबद्दल सांगतो तसंच सुजेबद्दल सांगायला हवं होतं. ‘चट्टे फुगले, कोपर किंवा गुडघ्यामागे दुखलं, वस्तू हातातून निसटू लागली तर पाकीट बंद न करता दोन दिवसांत यायचं’, एवढं वाक्य पुरतं. ते नऊ दिवस वाचले असते. नसेच्या बाबतीत नऊ दिवस फार असतात.

तालुक्याच्या त्या रिपोर्टवरून झालेल्या गोंधळात दोष एकट्या तिथल्या डॉक्टरांचा नाही. माझ्या चिठ्ठीवर औषधाचं नाव होतं, ते कशासाठी चालू आहे हे नव्हतं. आजाराचं नाव लपवण्याच्या काळजीत मी डॉक्टरांसाठीचाही मजकूर लपवला. आता मी बंद पाकिटात वेगळा कागद देते. नसेची सूज, डोस, कधी उतरवायचा, पांढऱ्या पेशी वाढलेल्या दिसतील पण ताप, खोकला किंवा जखम असेल तर जरूर तपासा, आणि एकदम बंद करू नका. खाली माझा फोन नंबर.

तिला फडावर जाऊ देण्याबद्दल माझं मन अजून दोन्ही बाजूंनी बोलतं. गावात राहिली असती तर ताकद 5 झाली असती का? कदाचित. पण फडावर औषध चुकलं नाही, कारण नवरा शेजारी होता. गावात सासूच्या भरवशावर ते तसंच चाललं असतं याची मला खात्री वाटत नाही.

या पावसाळ्याच्या मोहिमेत त्याच आशाताईंना तीन नवे रुग्ण सापडले. तिघांच्याही कार्डावर पहिल्याच दिवशी दोन्ही हातापायांच्या ताकदीचे आणि स्पर्शाचे आकडे लिहिले आहेत. त्यांतला एकजण ऊसतोडीला जाणारा आहे. त्याची पुढची तपासणी आम्ही घटस्थापनेच्या दिवशी ठेवली आहे, ट्रक निघायच्या अकरा दिवस आधी.